वृंदाताईंची उसनवारी

वृंदाताई चहा आधी बशीत ओततात, त्यावर फुंकर मारतात, मग परत कपात ओतून पितात. बशीची सवय सबनिसांची, कपाची कुलकर्णीबाईंची. "हे माझं नाही गं, उसनं आहे," असं वर सांगतात.

बाई परफॉर्मन्स आर्टिस्ट आहेत. ना संस्था, ना तिकीट. दर रविवारी सकाळी बागबाजारच्या घाटावर त्या बदली होऊन कलकत्ता सोडून गेलेली मराठी माणसं करून दाखवतात. स्वतःचा जन्म इथलाच, त्यामुळे निरोप द्यायचं काम कायम यांच्याकडे. जो जाईल त्याची एखाद-दुसरी सवय ठेवून घ्यायची. बँकेतले सबनीस चप्पल काढताना "आई गं" म्हणायचे, म्हणून याही म्हणतात. यांचे गुडघे मात्र ठणठणीत आहेत.

एकदा आंघोळीला आलेले एक गृहस्थ मला हळूच म्हणाले, "दीदी, इनको डॉक्टर दिखाइए." वृंदाताई खूश. "बघ, प्रेक्षक गुंतलाय."

मी तेव्हा गार्डन रीचला, रेल्वेच्या ऑफिसात. घाटावरून निघताना मी त्यांना म्हणायचे, "पोचलात की फोन करा हं." मी हे सगळ्यांनाच म्हणते, जिना उतरणाऱ्यालासुद्धा. बाईंचं घर घाटासमोरच्या गल्लीत. तरी मी बसमध्ये चढते न चढते तोच फोन यायचा, "पोचले." मला वाटायचं, टिंगल करतायत माझी.

मग माझी नागपूरला बदली झाली. खरं सांगते, सामानाच्या आधी मला वेगळीच काळजी लागली. ह्या माझं काय ठेवतील? माझ्यात ठेवण्यासारखं आहे तरी काय? एका रविवारी तर मी मुद्दाम केसात फूल खोचून गेले. बाईंनी ढुंकूनही पाहिलं नाही.

शेवटच्या रविवारी सबनीस झाले, कुलकर्णीबाई झाल्या, सगळे झाले. मी नाही. चक्क रडू यायला लागलं. पाया पडले आणि बसस्टॉपकडे वळले.

मागून आवाज आला, अगदी माझ्याच सुरात, "पोचलीस की फोन कर हं."

मी वळले. आता "उसनं आहे" म्हणतील म्हणून थांबले. पण त्या म्हणाल्या, "हे मात्र परत मागू नकोस. घरी पोचल्यावर कळवायला माझं कुणी नव्हतं गं, तू येईपर्यंत."

मला आजवर इतकं जपून कुणी ठेवलं नाही. नागपूरला सामान दारातच टाकलं आणि आधी त्यांना फोन लावला.

आता दर रविवारी त्यांचा येतो, घाटावरून गल्लीत शिरल्या की. हातात काहीही असलं तरी मी उचलते.

"पोचले," त्या म्हणतात.