परबसरांचा हेमिडॅक्टिलस

परबसरांच्या घरात 'पाल' हा शब्द उच्चारायला बंदी होती. पालींना मात्र मोकळं रान होतं. एक ट्यूबलाइटच्या मागे, एक फ्रिजच्या मागे, एक देव्हाऱ्याच्या वर, अशा त्या घरच्यासारख्या राहायच्या. त्यातली एखादी दिसली आणि तुमच्या तोंडून चुकून "अगंबाई, पाल!" निघालं, की सर हातातला ट्रे तसाच धरून विचारायचे, "कोण?" तुम्ही "हेमिडॅक्टिलस फ्रेनेटस" असं पूर्ण नाव घेईपर्यंत चहा काही तुमच्यापर्यंत पोचत नसे. आमच्या मुलुंडच्या सोसायटीत लोक त्यांच्याकडे जायचं टाळायचे ते पालींमुळे नाही, या तोंडी परीक्षेमुळे.

आणि अशा माणसाच्या शेजारी फ्लॅट घेतला कुणी, तर मी! मागे डोंगर असल्यामुळे आमच्याकडे एखाद्या वेळी बिबट्यासुद्धा येऊन जातो. लोक गॅलरीतून फोटो काढतात, मीही काढलेत. पण पाल बघितली की माझे हातपाय गार पडतात. राहायला आलो त्याच आठवड्यात किचनच्या खिडकीत एक दिसली आणि मी झाडू घेऊन अशी काही किंचाळले की शेजारचं दार उघडलं. बनियन, पट्ट्यापट्ट्याचा लेंगा, कपाळावर चढवलेला चष्मा.

"फ्रेनेटस आहे की फ्लॅव्हिव्हिरिडिस?" त्यांनी विचारलं.

"पाल आहे हो! पाल!"

"पाल हे नाव नाही, आरोप आहे. नाव काय तुमचं?"

"माधुरी कदम."

"हं. कदम माधुरी, तो झाडू आधी खाली ठेवा."

सर कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवून रिटायर झाले होते. त्यांच्या शास्त्रात आधी प्रजातीचं नाव येतं, मग जातीचं. तोच नियम त्यांनी माणसांनाही लावला होता, आधी आडनाव, मग नाव. पहिल्या भेटीत पूर्ण, पुढे नुसतं आडनाव. म्हणून मी कायमची 'कदम' झाले आणि माझा नवरा 'कदम नितीन'च राहिला, कारण त्याची नि सरांची एकदाच भेट झाली. त्यानंतर सर दिसले की तो जिन्यानं जायचा.

त्या दिवशी झाडू खाली ठेवल्यावर मला वाटलं, आता हे पाल हाकलतील. कसलं काय! त्यांनी टॉर्च आणला आणि काचेवर बाहेरून चिकटलेल्या त्या प्राण्याचे तळवे मला दाखवले. "हेमि म्हणजे अर्धं. डॅक्टिलस म्हणजे बोट. बघा, बोटाखालची गादी मधोमध दुभागलेली आहे. म्हणून हेमिडॅक्टिलस. आणि फ्रेनेटस म्हणजे लगाम घातलेला, डोळ्याजवळून जाणारी ती रेघ दिसतेय ना, तिच्यावरून. संपलं. बघणाऱ्यानं बोटं बघितली, रेघ बघितली आणि नाव ठेवलं. यात कुणाच्या शकुनाचा, कुणाच्या मरणाचा काही संबंध आहे का? सांगा."

मी काय सांगणार? मी एक डोळा मिटून बघत होते. मला आपलं वाटलं, म्हातारा वाया गेलाय.

पुढे सोसायटीच्या बोर्डावर नोटीस लागली, 'रविवारी पेस्ट कंट्रोल : झुरळे, मुंग्या व पाली.' दुपारपर्यंत 'पाली'वर लाल फुली बसली होती, खाली शास्त्रीय नाव, पहिलं अक्षर मोठं, दुसऱ्या शब्दाचं छोटं, आणि हाताने लिहिलं म्हणून खाली रेघ. मीटिंगमध्ये सेक्रेटरी मेहतांचं डोकं आउट झालं. "परबसाहेब, नाव काहीपण लिहा ना, मारायची तर तीच आहे!" सर म्हणाले, "ज्याचं नाव तुम्हाला धड लिहिता येत नाही त्याला मारायचा अधिकार तुम्हाला कुणी दिला?" मीटिंग तिथेच बारगळली आणि रविवारी त्यांच्या दारात पेस्ट कंट्रोलवाला आला तेव्हा सरांनी त्याचीही तोंडी परीक्षा घेतली. पोरगा औषधाचा पंप घेऊन पळाला.

हे सगळं मी हसत सांगतेय खरी. पण त्या घरात हसायला फारसं कुणी नव्हतं. सर सडेफटिंग, आणि त्यांच्यासोबत राहायची त्यांची थोरली बहीण. सर तिला बाय म्हणायचे म्हणून आम्हीही बायच म्हणायचो. बाय किरकोळ, गोरी, फार कमी बोलणारी. घरातल्या घरात डोक्यावर पदर घेऊन वावरायची, उन्हाळ्यात घामाच्या धारा लागल्या तरी. मला वाटायचं, जुन्या वळणाची असेल. मग एकदा लक्षात आलं, गॅलरीत आली की ती पदर काढते. डोक्यावर छप्पर असलं की घेते.

भिंतीवर चुकचुक झाली की आमच्याकडची म्हातारी माणसं 'कृष्ण कृष्ण' म्हणत जमिनीवर बोटं वाजवतात. बाय तसं काही करत नसे. ती जिथे असेल तिथे थांबायची. हातात पोळी लाटायचं लाटणं असेल तर ते तसंच. सर आतून मोठ्यानं ओरडायचे, "फ्रेनेटस, बाय! नराचा आवाज आहे, मादीला बोलावतोय!" मग ती पुन्हा लाटायला लागायची.

मला सांगितलं तिनंच, एका दुपारी, गॅलरीत कोकमं वाळत घालताना. लग्न करून तिला लालबागला दिली होती. नवरा गिरणीत. एका सकाळी त्याचा डबा करताना वरून पाल पडली, थेट डोक्यावर. बाईच्या डोक्यावर पाल पडली म्हणजे नवऱ्याच्या जिवाला धोका, डोक्यावरून अंघोळ करायची, देवापुढे दिवा लावायचा, हे तिला लहानपणापासून पाठ.

"पण आंगोळ करूक पाणी खय होता गो? नळ गेल्लो. त्येंका उशीर होय होतो. पदरान डोक्या पुसलंय आणि डबो भरून दिलंय," ती म्हणाली. "सांजेक गिरणीतसून माणसा इली."

नवरा मशीनपाशी कोसळला आणि गेला. सासूनं विचारलं, सकाळी काही झालं होतं का? आणि या बावीस-तेवीस वर्षांच्या वेड्या पोरीनं खरं ते सांगितलं. झालं. त्या दिवसापासून त्या घरानं तिला नवऱ्याला खाल्लेली बाई ठरवलं आणि काही दिवसांनी माहेरी आणून सोडलं. तेव्हा सर कॉलेजात नुकतेच गेले होते. त्यांना गणित घ्यायचं होतं, असं बाय म्हणाली. घेतलं प्राणिशास्त्र.

मी घरी येऊन नितीनला म्हटलं, यापुढे सरांना बघून जिन्यानं पळालास तर याद राख.

चाळीसेक वर्षं तो माणूस बहिणीशी वाद घालत होता हो. पाल का पडते ते समजावत होता, ऑइलपेंटवर पकड सुटते, दोन नर भांडतात, गॅसच्या वाफेनं भिंत ओली होते. कॉलेजातली पोरं शिकून कुठल्या कुठे गेली, पण ही एक विद्यार्थिनी काही पास होईना. ती सगळं ऐकून घ्यायची आणि शेवटी म्हणायची, "तुजा बरोबर असात, दिगू. पण मी न्हायलंय नाय ना."

गेल्या वर्षी नको तेच झालं. बायच्या खांद्यावर एक पडली. खांद्यावरून घसरून पळूनही गेली, पण बायनं दिवसभरात तीनदा अंघोळ केली आणि जेवण सोडलं. म्हणे, "आता माजा दुसरा कोण उरला? दिगूच." दोन दिवस झाले तरी बाई अन्नाला शिवेना. सरांनी मला हाक मारली. मी गेले तर सर स्टुलावर उभे, ट्यूबलाइटच्या मागे हात घातलेला.

"कदम, साक्षीला उभ्या राहा," म्हणाले आणि खाली उतरले. मुठीत फ्रेनेटस. बायच्या समोर बसले आणि सरळ आपल्या टकलावर ठेवला!

मी किंचाळले. बाय किंचाळलीसुद्धा नाही, नुसती पांढरीफटक पडली. तो प्राणी बिचारा गुळगुळीत टकलावर क्षणभर भांबावला, घाण करून ठेवली आणि कानावरून उडी मारून सोफ्याखाली गेला. सरांनी ते पुसलंसुद्धा नाही. "बघ बाय. पडली. डोक्यावरच पडली. मी अंघोळ करणार नाही, दिवा लावणार नाही. आता वर्षभर मला बघत राहा. मग बोलू."

बायनं त्या रात्री दोन घास खाल्ले. सर इतके खूश होते की मला त्यांनी नाव न विचारता चहा दिला.

आणि दोन महिन्यांनी सरांचे डोळे पिवळे झाले.

आधी मला वाटलं कावीळ, मुळ्याचं औषध वगैरे. सर आरशात बघून म्हणाले, "कदम, मी फ्लॅव्हिव्हिरिडिस झालो. पिवळा-हिरवा." मी हसलेसुद्धा. मग तपासण्या झाल्या आणि स्वादुपिंडाचा कॅन्सर निघाला. पसरलेला. डॉक्टर म्हणाले, फार काही करता येणार नाही. हॉस्पिटलच्या बाहेर बाकड्यावर आम्ही दोघं बसलो. मला रडू फुटलं तर मला ओरडले, "गप्प बसा. माझी पंचाईत वेगळीच आहे."

"कसली?"

"मला मरायला वेळ मिळालीय ती बघा ना! मरणार तर सगळेच. पण आत्ता? ती काय म्हणेल? पाल पडली, अंघोळ केली नाही, आणि गेला." सरांनी पालीला पाल म्हटलेलं मी पहिल्यांदा ऐकलं. "अहो, इतकी वर्षं तिच्याकडे नवऱ्याचा एकच पुरावा होता. मी तिला दुसरा पुरावा आणून दिला. माझ्याच हातानं!"

मी म्हटलं, डॉक्टर तर म्हणाले ना, हे आत आधीपासूनच वाढत असणार.

"असणार! तिला 'असणार' चालत नाही, कदम. तिला पक्कं लागतं. पालीचं पक्कं आहे." मग म्हणाले, "मला आधीच माहीत होतं, असं सांगू. दुखत होतं, तपासणी केली होती, कळलं होतं. तिला काळजी नको म्हणून बोललो नाही. तुम्हाला तेवढं सांगितलं होतं. जमेल?"

प्रॅक्टिकलच्या वहीत मापाचा एक आकडा अंदाजानं लिहिला म्हणून पोरांना नापास करणारा हा माणूस, आणि मला खोटं शिकवत बसला होता. तेही कसं, रीतसर! पोट कुठे दुखत होतं, कुठल्या बाजूला, मला कधी सांगितलं, मी काय म्हणाले. रिक्षात माझ्याकडून पुन्हा पुन्हा म्हणून घेतलं. मी एकदा चुकले तर वैतागले.

घरी येऊन त्यांनी बायला सांगितलं. मी शेजारी बसून मान डोलावली. बायनं सरांच्या तोंडाकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं, आणि भात लावायला उठून गेली. एक प्रश्न विचारला नाही. सरांनी माझ्याकडे पाहिलं आणि मी खांदे उडवले. पटलं की नाही, काही कळेना.

पुढचे दिवस वाईट गेले. ते लिहीत नाही. सर शेवटी शेवटी फार दुखण्यात होते आणि बाय रात्रंदिवस त्यांच्या उशाशी. शुद्ध असली की ते मला खुणेनं विचारायचे, काही बोलली का? मी नाही म्हणायचे. हे उत्तर घेऊनच गेले बिचारे. मला त्या म्हातारीचा तेव्हा इतका राग आला होता! एक शब्द टाकला असतास तर काय बिघडलं असतं?

दिवसकार्य उरकलं, पाहुणे पांगले. एका संध्याकाळी बायनं मला बोलावलं. सरांचे शर्ट घड्या करून ठेवत होती.

"माधुरी, खरा सांग गो. दिगूक आदीच ठाऊक होता?"

मी तिच्या डोळ्यांत बघून सांगितलं. "हो बाय. त्या दिवसाच्या कितीतरी आधी. इथे, डाव्या बाजूला दुखायचं. मला म्हणाले, बायला बोलू नका."

"म्हणजे डोक्यार ठेवलान तेव्हा तो आदीच आजारी होतो?"

"होते."

ती शर्टाची कॉलर सारखी करत बसली. मी मनात म्हटलं, आता आणखी काय विचारते!

"त्येंचा पण तसाच असात काय गो?" ती म्हणाली.

"कुणाचं?"

"माज्या घोवाचा. त्या दिवशी सकाळी... पाल पडूच्या आदी, हां... चाय पिताना ते छाती चोळीत होते. मी विचारलंय, काय झाला? म्हणाले, पित्त झाला. आदल्या दिवशी पण चोळीत होते." ती माझ्याकडे बघायला लागली. "ह्या माका इतकी वर्सा आठवलाच नाय. कित्या आठवला नाय गो माका?"

"आधीपासूनच होतं, बाय," मी म्हटलं. "ते आधीपासूनच आजारी होते."

सर गेले त्या दिवशी बाय रडली नव्हती. आता सरांचा शर्ट तोंडावर दाबून ती रडायला लागली, हमसून हमसून, एखाद्या बावीस वर्षांच्या पोरीसारखी, आणि नवऱ्याला नावानं हाका मारायला लागली. मी तिच्या पाठीवरून हात फिरवत बसले.