खोली उघडली, सबब वीज आहे

खुटबावजवळच्या एका वस्तीवरची डीपी, म्हणजे विजेचा ट्रान्सफॉर्मर, जळून एकोणीस दिवस झाले होते. विसाव्या दिवशी सकाळी साडेअकराला वीज-गाऱ्हाणी निवारण मंडळाची फिरती गाडी वस्तीच्या विहारासमोर येऊन उभी राहिली. एवढ्या तत्परतेबद्दल मंडळाचं अभिनंदन करायला हवं. काही गावांत गाडी येईपर्यंत नवीन डीपी जळून जुनी झालेली असते.

वस्तीवर चाळीस घरं. त्यांच्या पिण्याच्या पाण्याची मोटर याच डीपीवर. त्यामुळे गेले एकोणीस दिवस सोजरबाई सकाळ-दुपार-संध्याकाळ हौसरावांच्या विहिरीवरून पाणी आणत होत्या. वय साठीच्या पुढे, डावा गुडघा कामातून गेलेला, आणि विहीर पाऊण किलोमीटरवर. त्यांचा मुलगा धम्मदीप रांजणगावच्या एका कंपनीत मेंटेनन्सला फिटर. त्याने मोबाइलवरून चारदा तक्रार केली होती. चारही वेळा उत्तर आलं, की तक्रारदाराने मंडळाची गाडी गावात आल्यावर गाडीतील नागरिक कक्षात समक्ष अर्ज द्यावा. गाडी सहा महिन्यांतून एकदा येते आणि पाच वाजता जाते. आज अर्ज गेला तर डीपी मिळणार, नाहीतर सोजरबाईंचा गुडघा आणि ती विहीर यांचा संबंध आणखी सहा महिने टिकणार होता.

गाडी मात्र देखणी होती. तिचं नाव 'विस्तारिणी'. बटण दाबलं की तिची एक अख्खी बाजू कपाटाच्या खणासारखी बाहेर सरकायची आणि आत टेबल, खुर्च्या, पंखा असलेली ऐसपैस खोली तयार व्हायची. हाच तो नागरिक कक्ष. खण आत असेपर्यंत टेबल समोरच्या भिंतीला चिकटलेलं असे, आणि दारातून फार तर एखादा सडपातळ नागरिक आडवा होऊन डोकावू शकत असे. अर्ज मात्र त्या टेबलावरच घ्यायचा, असा नियम होता.

शिबिरप्रमुख इंद्रजीतसाहेब खाली उतरले. त्यांनी जाकिटाची बटणं लावली, जमलेल्या लोकांना नमस्कार केला आणि गाडीचं बटण दाबलं. काही झालं नाही. त्यांनी ते पुन्हा, जरा अधिकारवाणीने दाबलं.

"वीज कुठून जोडायची?" त्यांनी विचारलं.

"डीपीवरनं," धम्मदीप म्हणाला.

"मग जोडा की."

"डीपी जळलीय, साहेब."

"अहो, मग हे आधी कळवायला नको?"

"त्येच कळवायला सकाळधरनं रांगेत हावोत."

गाडीला स्वतःची बॅटरी नव्हती असं नाही. खास खोलीसाठी वेगळी, मोठी बॅटरी होती. पण शिरूरपासून न्हावरा, चौफुला करत 'आपलं गाऱ्हाणं, आमची जबाबदारी' हे मंडळाचं गीत भोंग्यावर वाजवत आल्याने ती वाटेतच बसली होती. गाडीचं इंजिन चालू ठेवलं तर बॅटरी तासाभरात पुरेशी भरेल, असं चालकाने सुचवलं. परंतु उभ्या गाडीचं इंजिन चालू ठेवू नये, असं मंडळाचं इंधनबचत परिपत्रक होतं आणि ते काचेवरच चिकटवलेलं होतं.

एवढ्यात हौसराव आले. हौसराव कधीकाळी सोसायटीचे चेअरमन होते आणि अजूनही उद्घाटनाला कात्री स्वतःची आणतात. त्यांची शेतावरची डीपी दिवाळीत जळाली होती आणि त्याच दिवशी दुपारी नवी बसली होती. हा योगायोग होता, असं ते स्वतःच सांगतात.

"आमच्या डीपीवरनं वायर वढा, साहेब. तीनशे मीटर तर हाय," हौसराव म्हणाले.

"तात्पुरती जोडणी घ्यावी लागेल. तिचा अर्ज करा."

"करतो की. कुठं द्यायचा?"

साहेबांनी मिटलेल्या खोलीकडे पाहिलं. सगळ्यांनीच पाहिलं.

"आकडा टाकू का?" म्हाळूआबांनी विचारलं. आबा सोजरबाईंचे चुलतदीर. तरुणपणी पंचक्रोशीतली डिझेल इंजिनं हँडल मारून सुरू करून द्यायचे, आणि यंत्राला माणसासारखं समजावलं तर ते ऐकतं असं त्यांचं मत होतं. साहेब दचकले. आकडा टाकणं हा गुन्हा आहे, हे त्यांनी आबांना समजावून सांगितलं. गाडीच्या मागच्या बाजूला त्याचं चित्रही होतं.

शेवटी चालकाने सीटखालून गाडीची माहितीपुस्तिका काढली. पान सेहेचाळीसवर 'वीज नसताना खोली हाताने उघडणे' असं प्रकरण होतं. साहेबांनी ते मोठ्याने वाचलं. पहिली पायरी : वीज नसल्याची खात्री करण्यासाठी खोलीतील दिवा लावून पाहावा. दुसरी : मोटरचा ब्रेक मोकळा करावा. तिसरी : गाडीच्या पोटाखालील भोकात हँडल घालून खोली पूर्ण बाहेर येईपर्यंत फिरवावे.

"हे तर आमचंच काम," म्हाळूआबा बाह्या सारत म्हणाले. "आणा हँडल."

हँडल होतं. मिटलेल्या खोलीत आडवं होऊन डोकावलं तर दिसतही होतं. मात्र ते टेबलाच्या पायाला साखळीने बांधलेलं होतं, बँकेत पेन बांधतात तसं. गाडीचं पहिलं हँडल शिरूर तालुक्यात कोणीतरी लांबवलं होतं. त्यावर लेखापरीक्षणात आक्षेप निघाला, तीन महिने चौकशी चालली, आणि यापुढे हँडल जागचं हलता कामा नये असा आदेश झाला. साखळी चार फूट होती. भोक बाहेर, टेबलापासून अकरा फुटांवर होतं. कुलपाची चावी पुण्याला भांडारपालाकडे होती, आणि भांडारपाल मुलीच्या साखरपुड्यासाठी रजेवर होता.

"साखळी तोडू?" धम्मदीपने विचारलं.

"सरकारी मालमत्ता आहे!"

"आन् आमचं पानी?"

"ते अर्जात लिहा," साहेब म्हणाले. ते वाईट मनाने म्हणाले नव्हते. नोकरीला लागून बारा वर्षं झाली होती आणि प्रत्येक गोष्ट अर्जात लिहावी असं त्यांना खरोखरच वाटायला लागलं होतं.

या घडामोडींत तीन वाजले. सोजरबाई विहाराच्या पायरीवर गुडघा चोळत बसल्या होत्या. दुपारचं पाणी आणायची वेळ टळून चालली होती आणि रांग सोडली तर नंबर जाईल, या भीतीने त्या जागच्या हलत नव्हत्या. आम्हाला या सगळ्या प्रकरणात राग येतो तो याचा. बाकी गमतीचं आहे.

धम्मदीप गाडीखाली शिरला, पाठीवर सरपटत त्या भोकापर्यंत गेला आणि बोटाने चाचपून बाहेर आला.

"एकोणीसचा बॉक्स पाना बसतोय. घरी हाय माझ्याकडं. हँडल लागतच न्हाई."

साहेबांचा चेहरा उजळला आणि लगेच काळवंडला. अनधिकृत अवजार, अप्रशिक्षित व्यक्ती, सरकारी वाहन. त्यांनी घड्याळ पाहिलं. शिबिर झालं नाही तर त्यांनाही वर उत्तर द्यावं लागणार होतं. मग त्यांनी बारा वर्षांच्या अनुभवातून एक तोडगा काढला.

"असं करू. मी त्या बाभळीकडे तोंड करून उभा राहतो. इकडे काय झालं, ते मी पाहिलेलं नाही. कोणावर काही येणार नाही. तुमच्याच भल्यासाठी सांगतोय."

"लई मोठ्या मनाचं हायेत साहेब," सोजरबाई म्हणाल्या, आणि त्या मनापासून म्हणाल्या.

साहेब बाभळीकडे वळले. धम्मदीपने ब्रेकची कळ मोकळी केली, पाना बसवला आणि दांडा म्हाळूआबांच्या हातात दिला. आबांनी तळहातावर थुंकी लावली. पहिला फेरा जड गेला. दुसऱ्याला आतून कुरकुर झाली. चौथ्याला अख्खी भिंत बोटभर पुढे सरकली, आणि वस्तीवरच्या बायका उठून उभ्या राहिल्या.

"म्होरली बाजू मागं ऱ्हातीय, आबा. दमानं," धम्मदीप खालून ओरडला.

"मला शिकवतो व्हय रं? तुझ्या बापाला मी इंजिन शिकवलंय!"

आबा दमले की दुसरा कोणी येई. सोजरबाई फेरे मोजत होत्या. साठाला त्यांनी स्वतः दांड्याला हात लावला आणि सगळे नको नको म्हणत असताना पाच फेरे मारले. एकशे बारा फेऱ्यांना खोली पूर्ण बाहेर आली. एकूण अकरा मिनिटं लागली. टाळ्या वाजल्या. टाळ्या ऐकून साहेब वळले आणि त्यांना सुखद आश्चर्य वाटलं.

"अरे वा! उघडली!"

आता अर्ज. पण त्याआधी हौसरावांनी कात्री काढली. नागरिक कक्षाला फीत लावायची राहिली होती. फीत सापडेना, म्हणून विहारावरच्या पताकांची दोरी मागण्यात आली, ती देण्यास म्हाळूआबांनी नकार दिला, मग हौसरावांनी आपलं उपरणंच बांधलं आणि गाठ सोडून उद्घाटन केलं. भाषण झालं. चार वाजून पन्नास मिनिटांनी सोजरबाई टेबलासमोर बसल्या. साहेबांनी टॅब उघडला. त्यात चार्जिंग सहा टक्के होतं.

"डीपी जळाल्याची तक्रार," त्यांनी भरलं. मग पुढचा रकाना वाचला. "खोली उघडली काय? होय. हँडल जागेवर आहे काय?" त्यांनी वाकून टेबलाखाली पाहिलं. साखळीसकट होतं. "होय."

चौथा रकाना आपोआप भरला गेला. 'तक्रारस्थळी वीज : उपलब्ध.'

धम्मदीप मागून पाहत होता. "साहेब, हे काय? वीज कुठाय हितं?"

"खोली एक तर विजेवर उघडते, नाहीतर हँडलवर. हँडल हललेलं नाही. तुम्हीच पाहा."

"पान्यानं उघडली की! तुमच्या म्होरं!"

"मी बाभळीकडे पाहत होतो," साहेब हळू आवाजात म्हणाले. "आणि पान्याचा रकाना नाही."

"मग 'उघडली न्हाई' म्हणून भरा."

"तसं भरलं तर शिबिर झालंच नाही. मग अर्ज कुठे घेऊ?"

सोजरबाई इतका वेळ ऐकत होत्या. त्या खुर्चीतून उठल्या आणि त्यांनी हात वर केला.

"आवो, त्यो पंखा बघा की वरचा! फिरतोय का त्यो?"

साहेबांनी वर पाहिलं. त्यांच्या कपाळावरून घाम टॅबवर पडला. पंखा फिरत नव्हता.

"पंख्याचा रकाना नाही, मावशी," ते म्हणाले. आवाज थोडा ओला झाला होता, पण पाचाला तीन मिनिटं कमी होती आणि टॅब दोन टक्क्यांवर आला होता. त्यांनी अर्ज पाठवला. त्याच क्षणी, सोजरबाईंचा हात अजून पंख्याकडेच असताना, हौसरावांनी मोबाइल काढून फोटो घेतला.

दुसऱ्या दिवशी मंडळाचा संदेश आला. सोजरबाईंचा फोन वीस दिवस बंदच होता, म्हणून तो धम्मदीपच्या फोनवर, कंपनीत चार्जिंगला लावल्यावर आला. 'आपली तक्रार तपासली. तक्रारस्थळी वीज असल्याचे आढळल्याने निकाली. अपील करायचे असल्यास पुढील शिबिरात समक्ष यावे. तथापि शिबिराच्या फोटोस पाचशेहून अधिक नागरिकांची पसंती मिळाल्यास वस्तीचे समाधान झाल्याचे गृहीत धरून अपील घेतले जाणार नाही.'

संध्याकाळी धम्मदीपने तो वाचून दाखवला तेव्हा सोजरबाई हंडा घेऊन निघाल्या होत्या.

"आपुनच फिरवली की रं ती," त्या म्हणाल्या. "एकशे बारा फेरं. म्या मोजलंत." आणि विहिरीच्या वाटेला लागल्या.

हौसरावांचा फोटो त्या रात्रीपर्यंत तालुकाभर फिरला होता. खाली ओळ होती, 'विस्तारिणी आली, वस्ती उजळली!' पाचशे एकावा अंगठा सकाळी आठ वाजून चार मिनिटांनी पडला. तो तुमचा होता. फोटोत मध्यभागी एक म्हातारी हात उंच करून उभी आहे, ती तुम्हाला आनंदाने हात हलवतेय असं वाटलं. ती पंखा दाखवत होती. तुमचा फिरत होता, म्हणून तुम्ही वर पाहिलं नाही.