पुंजाजी आबा कोणाची रयत?

छापील कागदाशी भांडणारा माणूस मी आयुष्यात एकच पाहिला, आणि तो नेमका माझ्या शेजारी राहायला होता. धाडच्या पुंजाजी आबांना सही यायची, चांगली ठसठशीत. पण कागद ते दुसऱ्याकडून मोठ्यानं वाचून घेत आणि त्याला उत्तर देत. कागदानं विचारलं, 'अर्जदाराचे नाव?' की आबा गुरकावत, "काऊन बे? पयले तुहं सांग!"

धाड गावात आमची घरं भिंतीला भिंत लागून. पोटापाण्यासाठी मी बुलढाण्याला कचेरीबाहेर लिंबाखाली बसून लोकांचे अर्ज लिहायचो, म्हणून सगळे मला मुनशी म्हणत. आबांच्या कागदांना माझ्याशिवाय वाली नव्हता. दुसरा कोण फुकटात शिव्या खाईल?

तर या माणसाला आफ्रिकेला जायचं होतं. मोंबाशाला!

त्यांचा एकुलता एक नारायण तिथं रेल्वेच्या कारखान्यात होता. पोराला शेती नको होती, इंजिनं हवी होती. चार वर्षांपूर्वी त्यावरून बापलेकांचं कडाक्याचं वाजलं. आबा म्हणाले, "जा! माह्या दारात पाय ठिवू नको." पोरगं गेलं, आणि खरंच पाय ठेवला नाही. आबा गावभर सांगत, "म्या शब्द देला, थो वापस नाही घेत. पन म्या त्याच्या दारात जानार नाही, असं कुठी म्हतलं?"

समुद्रापार जायला सरकारी परवाना लागतो. अर्ज बुलढाण्याहून नागपूरला जायचा. आम्ही बसलो लिहायला. नाव, वय, उंची, एवढ्यातच दुपार गेली. 'अंगावरची ठळक खूण?' असं मी वाचलं तर आबा म्हणाले, "फेटा." म्हटलं, आबा, तीळ, व्रण असलं काही सांगा. तर म्हणतात, "फेट्याएवढा तीळ कोनाले असते बे?" फोटोवाल्यानं फेटा उतरवा म्हटलं, तर त्यालाच दटावलं, "फेटा उतरोला त मंग तू फोटो कोनाचा काढतं?" त्यानं गुमान फेट्यासकट काढला.

आणि मग तो रकाना आला. कोणाची रयत?

आता आमच्या वऱ्हाडाची गंमत बाहेरच्यांना समजावून सांगावी लागते. मुलूख कागदोपत्री निजामाचा, इंग्रजांनी तो कायमच्या भाडेपट्ट्यानं घेतलेला, आणि कारभार जोडलेला मध्यप्रांताला. कचेरीतला कारकून म्हणायचा, वऱ्हाडी माणूस म्हणजे निजामाची रयत, इंग्रजांच्या आश्रयाखालची. तसं लिहा आणि मोकळे व्हा.

"निजाम?" आबा उसळले. "त्याची मोगलाई त्या नाल्याच्या पल्याड. तिकडं माही बहीन देली हाये. तिच्या घरचा पाव्हनचार घेतो म्या, पन रयत काऊन होऊ? अन् इंग्रजाचा त म्या पाव्हनचारबी नाही घेतला!"

"मग लिहू काय?"

"लिव, कोनाचीच नाही. धाडचा."

लिहिलं. दीड महिन्यानं तांबड्या शाईची रेघ मारून अर्ज परत आला. पुन्हा तसाच पाठवला, पुन्हा आला. कारकून मला म्हणाला, "मुनशी, तुमच्या म्हाताऱ्याला समजवा हो. धाड नावाचं राज्य आमच्या यादीत नाही." आबांना हे सांगितलं तर उलट खूश झाले. "मंग टाक म्हना यादीत!"

तिसऱ्या खेपेला मी नसता शहाणपणा केला. गुपचूप 'निजामाची' लिहिलं आणि वाचून दाखवताना तेवढा रकाना गिळला. म्हातारा बोटांवर रकाने मोजत होता! "एक कमी वाचला," म्हणाले. वाचावा लागला. आबांनी अर्ज माझ्या हातातून घेतला आणि टरकन फाडला. ओरडले नाहीत, त्याचीच मला जास्त भीती वाटली.

"मुनशी, माह्या तोंडात तुहे शब्द घालू नको."

माझंही डोकं तापलं. "मग बसा धाडचं राज्य सांभाळत! पोराचं तोंड नका बघू!"

दोन महिने आमचं बोलणं बंद होतं. भिंतीपलीकडून त्यांचा खोकला ऐकू यायचा, आणि मीही मुद्दाम खोकायचो.

मग एका बाजाराच्या दिवशी आबा पत्र घेऊन थेट माझ्या ओसरीवर आले. नारायणच्या सोबत्यानं लिहिलं होतं. मी वाचलं. 'नारायण महिनाभर तापानं अंथरुणावर आहे. वडिलांना कळवू नको असं त्यानं बजावलं आहे, म्हणूनच कळवीत आहे.'

"पाह्यलं?" आबा म्हणाले. "कळवू नको मंते! माहाच हाये लेकाचा." हसायला गेले आणि खांबाला टेकून खाली बसले. म्हणाले, "नवा अर्ज काढ."

काढला. त्या रकान्यापाशी माझी लेखणी अडली.

"काय लिवलं त लवकर जाते?" त्यांनी विचारलं.

"निजामाची लिहिलं तर..."

"लिवून टाक."

खरं सांगतो, मला रडू आलं. ज्या हट्टापायी मी या माणसाला इतके महिने मनातल्या मनात शिव्या घातल्या, तो हट्ट असा मोडताना बघवेना. म्हटलं, "आबा, आणखी एकदा 'धाडचा' लिहून बघू. मी स्वतः साहेबाला भेटतो, पाया पडतो."

"अबे, निजामाची लिव, इंग्रजाची लिव, त्या सायबाच्या घोड्याची लिव! पोरगं तिकडं एकटं पडून राह्यलं. मले त्याच्यापाशी जाचं हाये. गेल्यावर पयले झापतो त्याले. बापाले कळवू नको मंते!"

मी खाली मान घालून लिहीत गेलो. आणि आबा पुढं वाकून, शाई लवकर वाळावी म्हणून, माझ्या एकेका ओळीवर फुंकर घालत होते.