सांडलं कुठं?

मगदूम आण्णा माणसाला आधी नजरेनं तोलायचे. तुम्ही नमस्कार केलात की ते तुमच्या दंडाकडं बघायचे, मग मांडीकडं, आणि पुटपुटायचे, "चौदाशे." सरपंच असो की प्राध्यापक, आण्णांच्या लेखी तो एक आकडा होता. हा माणूस चोवीस तासांत लघवीतून किती मिलिग्रॅम क्रिएटिनिन बाहेर टाकेल, तो आकडा. माझ्या लग्नात नवरीवर अक्षता टाकताना ते "नऊशे" म्हणाले होते. बायको अजून विचारते, नऊशे काय? मी अजून सांगितलेलं नाही.

नव्वदच्या दशकात राजारामपुरीतल्या एका लॅबमध्ये ते तपासणीला होते आणि मी काऊंटरला. मूत्रपिंडाच्या रोग्यांना डॉक्टर चोवीस तासांची लघवी गोळा करायला सांगत. त्यासाठी आम्ही पाच लिटरचा कॅन देत असू आणि त्यावर आण्णांचं प्रवचन फुकट. "सकाळी सहाची पहिली टाकून द्यायची. तितनं पुढं थेंब न थेंब कॅनात. दुसऱ्या दिवशी सहाची धरायची, मग झाकण." हे ते तीनदा सांगत. लोक तीनदा मान हलवत आणि घरी जाऊन मनाला येईल ते करत.

क्रिएटिनिन म्हणजे काय, हे समजवायला त्यांना पुस्तक लागत नसे. "स्नायूंची राख. चुलीत लाकूड जेवढं, राख तेवढी. रोज तेवढीच." नमुन्यातलं प्रमाण काढायचं, एकूण लघवीनं गुणायचं आणि उत्तर अंगापिंडाशी जुळतं का ते बघायचं. पुरुषाला किलोमागं वीसेक मिलिग्रॅम, बाईला पंधरा-सोळा, म्हातारपणी त्याहून कमी. उत्तर कमी आलं की आण्णांचा निवाडा ठरलेला, "सांडलं कुठं?"

एकदा कागलचा पैलवान आला. नव्वद किलोचा गडी, अठराशे यायला हवे होते, आले नऊशे.

"पैलवान, निम्मा दिवस सांडला कुठं?"

"न्हाय ओ, आईशप्पत. सगळी धरली की."

"माणूस खोटं बोलतोय. मांडी बोलत न्हाय."

शेवटी पैलवान लाजून म्हणाला, "तालमीत कॅन घिऊन कसं जायाचं ओ? पोरं हसत्यात." तालमीत हसू होऊ नये म्हणून दडवलेली गोष्ट आण्णांनी भर काऊंटरवर वदवून घेतली. तिथं बारा माणसं हसली.

मलकापूरच्या एका मावशींची तऱ्हा उलटी. कॅन काठोकाठ, आणि पंचेचाळीस किलोच्या मावशींचा आकडा हमालाला शोभेल असा. आण्णांनी शांतपणे विचारलं, "मावशी, ह्यात कोणकोण हाय?"

"दुसऱ्याचं भांडं अर्धंमुर्धं परत द्यायचं व्हय?" मावशी फणकारल्या. "म्हणून सुनंला बी सांगितलं."

संस्कारात पैकीच्या पैकी, रिपोर्टात भोपळा.

मी एकदा विचारलं, "आण्णा, आणि खरंच सांडलं नसलं तर?"

ते काचनळी धुता धुता म्हणाले, "मग लाकूडच संपाय लागलंय म्हणायचं. माणूसच आटाय लागलाय. पण ते मागनं. आधी इचारायचं, सांडलं कुठं."

पुढं काही वर्षांनी शांतावहिनींची, म्हणजे आण्णांच्या बायकोची, मूत्रपिंडं बिघडली. दर तीन महिन्यांनी कॅन घरी जाऊ लागला. आण्णा गजर लावून स्वतः उभे राहत. वहिनी करवादायच्या, "आरतीला कधी येळंवर आला न्हाईसा, ह्याला मातूर ठोक्याला सहा!" आकडा आठशे आला, मग सातशे, मग सहाशे. काट्यावर वजन मात्र तेवढंच, कारण अंगावर सूज. शेजारणी म्हणत, वहिनींनी बाळसं धरलंय. आण्णा हसून मान हलवत, आणि घटत्या आकड्याचं मी विचारलं की म्हणत, वय झालं की.

एका सकाळी आण्णांनी घरी झाकण आवळलं, वर चिकटपट्टी मारली आणि ते लॅब उघडायला बसनं पुढं गेले. कॅन मी लॅबला जाताना त्यांच्या घरून लुनावरून नेला. जशीच्या तशी चिकटपट्टी त्यांनीच सोडवली. दुपारी त्यांनी गुणाकार केला. परत केला. मग गणकयंत्र बाजूला सारून पेन्सिलीनं कागदावर, हातचे लिहून केला. चारशे दहा.

ते काऊंटरपाशी आले. मला वाटलं, आता ओरडणार. ते हळू आवाजात म्हणाले, "देसाई, वाटंत सांडलं असंल की रं थोडं."

थेंबही सांडला नव्हता. ते मला ठाऊक होतं आणि माझ्यापेक्षा जास्त त्यांना. उभा जन्म लोकांकडून कबुल्या काढणारा हा माणूस आज माझ्याकडं खोटी कबुली मागत होता.

"व्हय आण्णा," मी म्हणालो. "खड्ड्यात गाडी आदळली. निम्मं तरी सांडलं."

त्यांनी रिपोर्टवर लिहिलं, 'नमुना अपुरा. पुन्हा गोळा करणे.' नवा कॅन घेतला, त्यावर वहिनींचं नाव घातलं. आणि मग सगळ्या लॅबला ऐकू जाईल अशा आवाजात माझ्यावर बरसले, "लाज न्हाय वाटत? एक कॅन धड आणाय येत न्हाय व्हय रं तुला?"

बाकावरचे पेशंट हसत होते. आण्णांचं ओरडून होईपर्यंत मी खाली मान घालून उभा राहिलो.