फुंकरीच्या वेळी हजर राहणेबाबत

माणूस गेला की मागे त्याचा इतिहास उरतो, आणि इतिहासाचे दुधासारखे असते : वेळीच तापवला नाही तर नासतो. म्हणून आमचे इतिहास जतन खाते आहे. मी तिथे उपलेखनिक आहे. (मुख्य लेखनिक होण्याची माझी पात्रता आहे. जागा नाही.)

आमची पद्धत सोपी आहे. मयताचे नातेवाईक समोर बसतात. साहेब मंतरलेल्या शाईने इतिहास लिहितात, खिडक्या उघडतात आणि ओल्या शाईवर एक फुंकर मारतात. ती फुंकर खोलीतून गल्लीत आणि गल्लीतून घराघरांत शिरते. जे लिहिले ते सगळ्यांना जन्मभर लख्ख आठवते. जे लिहिले नाही ते कुणाच्याच डोक्यात राहत नाही. उगाच अडगळ कशाला? 'अमुक गोष्ट वगळली' अशी तक्रार खात्याकडे आजवर एकही आली नव्हती. यावरून कामाचा दर्जा ओळखावा.

सद्गुण कितीही चालतात. दोष एकच चालतो, आणि तो 'फार भोळा' हाच असावा लागतो.

कोपऱ्यावरचा शिंपी वारला, तेव्हा साहेबांनी झकास इतिहास लिहिला : मितभाषी, वक्तशीर, मापात बिनचूक, फार भोळा. फुंकर मारली. सगळ्यांचे डोळे पाणावले.

दुसऱ्याच दिवशी गल्लीत विचित्र साथ आली. वाण्याच्या लक्षात आले की आपला डावा पाय आखूड आहे. मास्तरांचा एक खांदा खाली गेलेला निघाला. पँटी आणि कोट बिनचूक शिंप्याने शिवलेले, म्हणजे खोट अंगातच असणार, हे उघड होते. माझा स्वतःचा उजवा हात चार बोटे तोकडा आहे, हे मला या वयात कोटाच्या बाहीमुळे कळले. हाडांच्या डॉक्टरांनी त्या वर्षी घरावर मजला चढवला.

असे सगळे सुरळीत चालले असताना शिंपीणकाकू, म्हणजे मयताची बायको, खात्यात येऊन थडकल्या. भिंतीवर लावलेला इतिहास त्यांनी वाचला आणि म्हणाल्या, "हे आमचे हे नव्हेत."

चौकशी केली. फुंकरीच्या वेळी काकू खात्याच्या बिनखिडकीच्या संडासात होत्या आणि दाराची कडी अडकली होती. (कडीबद्दल देखभाल विभागाला कळवले आहे. ते विसरतात.) शिपायाने खुर्चीवरची पिशवी पाहून काकूंना हजर धरले होते. थोडक्यात, फुंकर त्यांना लागलीच नव्हती.

"मितभाषी म्हणे! दिवसभर तोंडाचा पट्टा चालू असायचा यांचा," काकू म्हणाल्या. "माप घेता घेता गप्पा मारायचे, आकडा विसरायचे आणि मग अंदाजपंचे कापायचे. नवरदेवाचा कोट त्याच्या पोराच्या शाळेच्या पहिल्या दिवशी मिळायचा! भांडण झालं की मशीन जोरात चालवायचे, माझं बोलणं ऐकू येऊ नये म्हणून. आणि भोळे? एक नंबरचे बेरकी! ते लिहा."

साहेब शांतपणे म्हणाले, "दुरुस्तीला साक्षीदार लागतो ताई. ज्याला आठवतं असा."

वाण्याला बोलावले. तो लंगडत आला. "देवमाणूस हो!" म्हणाला.

"मेल्या, तूच नाही का पँट नाचवत दुकानावर आला होतास? हातघाईवर आला होतास की!"

"मी? त्या माणसाशी?" वाण्याने कानाला हात लावले. "काकू, दुःखानं तुमचं डोकं फिरलंय."

आम्हा सगळ्यांना काकूंची फार दया आली. साहेबांनी शेवटची ओळ ताज्या शाईने पुन्हा गिरवली. "बसा ताई. एक छोटीशी फुंकर. सगळा त्रास संपेल."

काकूंनी नाकातोंडावर रुमाल धरला. "मला राग येतो हो त्यांचा. अजून येतो. मशीनपाशी गेले की वाटतं, आता बडबडतील आणि मी ओरडेन. तो रागही नेलात तर माझ्याकडे राहिलं काय? हा भिंतीवरचा सभ्य माणूस? याच्यासाठी मला रडूसुद्धा येत नाही!"

साहेबांनी श्वास घेतला. काकू पळाल्या, थेट संडासात, आणि आतून कडी लावली. ती अर्थातच अडकली. सुतार येईपर्यंत शाई वाळली होती, आणि वाळल्या शाईवर फुंकर चालत नाही. काकू राग शाबूत घेऊन घरी गेल्या.

आता रोज दुपारी बंद दुकानातून त्यांचा आवाज येतो, "गप्प बसा हो, आधी माप घ्या!" ऐकून लोक हळहळतात. मी एकदा तिथून जाताना मला का कोण जाणे हसू फुटले आणि हात आपोआप बाहीकडे गेला. पण डॉक्टर म्हणाले, तोकड्या हाताला असे होते.

अशी प्रकरणे वाढू नयेत म्हणून हे जाहीर निवेदन. आपल्याबद्दल मात्र खात्याची तक्रार नाही. वाटल्यास खात्री करून घ्या : आपल्या दिवंगत आजोबांचा एखादा दोष सांगा पाहू. ('फार भोळे होते' धरला जाणार नाही.)

नाही ना आठवत? छान. म्हणजे आपण हजर होता.