सिनेमातली खुर्ची

"माणूस हसला की त्याचा हात आपोआप खिशात जातो," असं म्हणून मालकांनी आपल्या खुर्च्यांच्या जाहिरातीसाठी विनोदी सिनेमा काढायचं ठरवलं. सिनेमा तेव्हा नुकता हलायला लागला होता, बोलत नव्हता. कारखाना मात्र बंद पडायच्या बेतात होता. कॅमेरावाल्याकडे रीळ एकच होतं, पण मालक एकदा इरेला पेटले की मागे हटत नसत.

गोष्ट सोपी होती. मालकांच्या मेहुण्याने दुसऱ्या कंपनीच्या खुर्चीत बसून आपटायचं, मग मालकांनी आपल्या खुर्चीत ऐटीत बसून दाखवायचं. मेहुणा अंगाने भरभक्कम होता. बहिणीकडे चार दिवसांसाठी म्हणून आला होता, त्याला आता वर्ष होत आलं होतं. निदान आपटायच्या तरी कामी यावा, असं मालकांचं म्हणणं.

सकाळीच मालकांनी त्या परक्या खुर्चीचे स्क्रू स्वतःच्या हाताने काढून खिशात टाकले.

कॅमेरा फिरू लागला. मेहुणा बसला. खुर्ची हूं की चूं करेना.

"जोरात बसा!"

मेहुण्याने उडी मारली. मग खुर्चीवर चढून नाचला. खुर्ची जागची हलली नाही.

"साहेब, रीळ संपत आलंय," दांडा फिरवता फिरवता कॅमेरावाला म्हणाला.

मालकांचा पारा चढला. तरातरा पुढे येत त्यांनी विचारलं, "या खुर्चीला हात कुणी लावला?"

"मी," म्हातारे सुतारकाका म्हणाले. "पाय लटपटत होते, बघवेना. सामानाच्या खोलीला कुलूप, म्हणून दुसऱ्या खुर्चीचे स्क्रू काढून बसवले."

"दुसऱ्या कुठल्या?" असं विचारत मालक कपाळाला हात लावून मागे मांडलेल्या आपल्याच कारखान्याच्या खुर्चीत मटकन बसले.

"त्याच," सुतारकाका म्हणाले, पण तोवर मालकांचे पाय आभाळाकडे गेले होते. कॅमेरावाला दांडा फिरवतच होता.

दुसरं रीळ नव्हतं, म्हणून तेच दाखवावं लागलं. थिएटरात लोक पोट धरून हसत होते आणि मालक अंधारात तोंड लपवून बसले होते. कारखान्याला आता टाळंच, असं त्यांनी मनाशी धरलं.

सकाळी दुकानापुढे रांग.

"सिनेमातली ती द्या," पहिलं गिऱ्हाईक हळूच म्हणालं.

"ही घ्या ना, जन्मभर हलणार नाही."

"तशा घरात आहेत हो. ती पाहुण्यांना द्यायला हवी. आमचे उठतच नाहीत."

मालकांनी आत पाहिलं. त्यांच्याच खुर्चीत रेलून मेहुणा चहाची वाट बघत होता.

"सुतारकाका," मालक म्हणाले, "आजपासून पाय सैल ठेवायचे. आणि पहिली खुर्ची आमच्या घरी पाठवा."