चौथी ओळ

“काचेवर कुणाची बोटं उमटलीत मेली,” टाऊनशिपच्या मराठी मंडळात, रंगमंचाच्या मागे, मनोरमाबाई मानपत्र पदराने पुसत पुटपुटत होत्या. चौथ्या ओळीवर पदर थांबला.

“जयंता, हे तू लिहिलंस?”

“हो काकू. एकट्यानं!”

“‘गेली तीस वर्षे आपण अभिनयाची चेष्टा केलीत.’ अरे, चेष्टा?”

“चेष्टा म्हणजे कोशिश ना, काकू. प्रयत्न!”

“ते तुझ्या हिंदीत. मराठीत टिंगल!”

जयंताचा जन्म इथलाच, भोपाळचा, मराठी फक्त घरातली. त्याने काचेवर नख घासून पाहिलं. अक्षर काचेच्या आत होतं. फ्रेमवाला जवाहर चौकात. तिथवर जाऊन येईपर्यंत सत्कारमूर्ती घरी जाऊन झोपले असते.

सत्कारमूर्ती म्हणजे सदाशिवराव. चौदा वर्षं इथल्या कारखान्यात फिटर आणि गणेशोत्सवातल्या प्रत्येक नाटकाचे नायक. मग राजीनामा देऊन ते मुंबईला गेले. सिनेमात, मालिकांत डॉक्टर झाले, हवालदार झाले, न्यायाधीश झाले, दोनदा प्रेतही झाले. पत्नी शशिकलाबाई शाळेतली नोकरी धरून इथंच राहिल्या. सदाशिवरावांना पडद्यावर पाहिल्याचं टाऊनशिपमध्ये सहसा कुणी सांगत नसे. “इतके अष्टपैलू, की ओळखूच येत नाहीत,” असं म्हणायची रीत पडली होती, आणि ते ऐकून शशिकलाबाई मान डोलवत.

आजसाठी सदाशिवरावांनी नवा कोट शिवला होता. मुंबईने त्यांना कधी ‘नट’ म्हटलं नाही. निदान आपल्या माणसांनी एकदा चारचौघांत ‘नट’ म्हणावं, एवढंच त्यांना हवं होतं.

“तू ‘चेष्टा’च्या जागी ‘सेवा’ वाच,” मनोरमाबाईंनी सूत्रसंचालन करणाऱ्या अनुराधेला बजावलं. “पण ही ओळ त्यांच्या नजरेला पडायला नको. झाकायची कशानं?”

“हार घालू या ना!” जयंता म्हणाला.

अनुराधेने ‘अभिनयाची सेवा’ असं खणखणीत वाचलं. टाळ्या झाल्या. मग जयंता झेंडूचा हार घातलेली मानपत्राची तसबीर दोन्ही हातांत धरून, गंभीर चेहऱ्याने मंचावर आला.

पहिल्या रांगेत मोतीबिंदूवाले नारायणराव बसले होते. त्यांनी डोळे किलकिले केले, पायातली चप्पल काढली आणि ते हात जोडून उभे राहिले. त्यांना पाहून दुसरी रांग उठली. दुसरी उठली म्हणून तिसरी. सभागृहात टाचणी पडली तर ऐकू यावं अशी शांतता झाली. ती मोडायची कुणी? सगळे उभे, म्हणून सदाशिवरावही उठून मान खाली घालून उभे राहिले.

“कोण गेलं हो?” नारायणरावांनी शेजाऱ्याला विचारलं. ते सगळ्यांना ऐकू आलं.

सदाशिवरावांनी तसबिरीकडे पाहिलं आणि माईक ओढून घेतला. “मला सवय आहे याची. एका मालिकेत चार वर्षं मी भिंतीवरचा हार घातलेला फोटोच होतो. तेवढं मोठं काम मला पुन्हा मिळालं नाही.”

हशा पिकला. तेही हसले, आणि हसता हसता त्यांनी हार बाजूला सारला. चौथी ओळ त्यांनी दोनदा वाचली. कोटाचं बटण एकदा काढलं, पुन्हा लावलं.

“सॉरी काका, गलती माझी...” जयंता पुढे झाला.

“नाही रे. शब्द बरोबर बसलाय.”

“छे छे! भलतंच काय!” चहूकडून आवाज आले. “केवढे अष्टपैलू तुम्ही! ओळखूसुद्धा येत नाही!”

तिसऱ्या रांगेत शशिकलाबाई अजून उभ्याच होत्या. या खेपेला त्यांनी मान डोलवली नाही.

“मला यायचे ओळखू,” त्या म्हणाल्या. “चार वर्षं रोज साडेसातला, कुंकू लावून, तो फोटो बघायचे मी. कुणी आलं की टीव्ही बंद करायचे. अहो, तिकडे नाही जमलं तुम्हाला. इथं जमत होतं. इथं फार छान जमत होतं.”